बारा हजारांची आठवण आणि घरातली अडतीस क्विंटल तूर

काका, नमस्कार. मी औसा तालुक्यातला शेतकरी, वय एकोणतीस. सात एकरांत सोयाबीनमध्ये लाल तूर होती. सप्टेंबरच्या पावसात खालच्या रानातली बरीच तूर उबळून गेली, तरी मळणी होऊन ३८ क्विंटल घरात आली. अडत्यानं ७,२०० नं मागितली. २०२५-२६ चा हमीभाव ८,००० आहे. अण्णा, म्हणजे माझे वडील, म्हणतात नोंदणी करा, सरकारी खरेदी केंद्रावर घाला आणि मोकळे व्हा. माझं म्हणणं, यंदा सगळीकडं तूर बुडाली आहे, दोन वर्षांपूर्वी बारा हजार झाली तशी यंदाही होणार. मोबाइलवर रोज व्हिडिओ येतात, तेही हेच सांगतात. घरात जागा आहे. सोसायटीचं १ लाख ६० हजार पीककर्ज आहे. (खताच्या दुकानाची ४५ हजार उधारी आहे, महिना शेकडा दोननं.) दोन आठवडे झाले, अण्णा आणि मी एका ताटाला बसतो पण बोलत नाही. तूर ठेवू का विकू?
एक वाचक, औसा

तुझं पत्र छापताना लहान केलं आहे. मूळ पत्रात ‘बारा हजार’ हा आकडा पाच वेळा आहे, ‘आठ हजार’ एकदा, आणि दुकानदाराचं व्याज कंसात. मी बावीस वर्षं अडतीवर मुनीमकी केली. पट्टी, म्हणजे विकलेल्या मालाच्या हिशोबाची चिठ्ठी, हातात आली की शेतकरी वरची रक्कम बघतो, मुनीम खालची वजावट बघतो. ती सवय अजून गेली नाही, त्यामुळे तुझ्या पत्रातही माझी नजर आधी कंसावर गेली.

उत्तर आधीच देऊन टाकतो, म्हणजे आज रात्रीच्या जेवणाला तरी बोलाल. सगळी ठेवू नकोस, सगळी विकूही नकोस. पंचवीस क्विंटल अण्णांच्या म्हणण्याप्रमाणं केंद्रावर जाऊ दे. अकरा क्विंटल तुझ्या म्हणण्याप्रमाणं ठेव, पण घरात नको, बाजार समितीच्या गोदामात तारण ठेव. राहिली दोन क्विंटल खायला आणि बियाला. हे आकडे असेच का, ते आता सांगतो.

बारा हजार कसे झाले ते आधी बघ. २०२१-२२ ला देशात तूर ४२ लाख टनांच्या आसपास पिकली होती. पुढच्या वर्षी ती ३३ लाखांवर आली. त्याच्या पुढच्या पावसाळ्यात, २०२३ ला, ऑगस्ट असा कोरडा गेला की शंभर वर्षांत तसा गेला नव्हता. म्हणजे ओळीनं दोन वर्षं माल तुटीचा. व्यापाऱ्याकडं शिल्लक नाही, सरकारच्या गोदामात फारशी नाही. त्यातच २०२३ च्या शेवटाला मोझांबिकमध्ये तिथल्या निर्यातदारांच्या भांडणात तूर बंदरावर अडकून पडली. एवढं सगळं एकावर एक आलं तेव्हा कुठं २०२४ च्या उन्हाळ्यात तुझे बारा हजार दिसले.

मग काय झालं? त्याच साली पाऊस बरा झाला, भाव बघून लोकांनी तूर वाढवली, आणि २०२४-२५ च्या आर्थिक वर्षात बाहेरून सुमारे १२ लाख टन तूर देशात उतरली. जानेवारी २०२५ ला नवी तूर बाजारात आली तेव्हा भाव सात-सव्वासात हजारांवर, आणि त्या वर्षीचा हमीभाव होता ७,५५०. ‘उन्हाळ्यात बघू’ म्हणून त्या जानेवारीत ज्यांनी तूर थांबवली, त्यांना पावसाळ्यात बऱ्याच बाजारांत सात हजारही मिळाले नाहीत. हे मागच्या वर्षीचंच आहे. तुझ्या गावातही अशी दोन-तीन घरं असतील. बारा हजारांना विकलेला माणूस पारावर सांगतो, साडेसहाला विकलेला सांगत नाही, एवढाच फरक.

याच्याआधीचा फेरा तू लहान होतास तेव्हाचा. २०१४ आणि २०१५, दोन्ही साली दुष्काळ. २०१५ च्या ऑक्टोबरात शहरात तूरडाळ दोनशे रुपये किलोवर गेली, टीव्हीवर दुसरी बातमी नव्हती. २०१६ ला पाऊस चांगला झाला आणि जो तो तुरीवर पडला. आदल्या वर्षी देशात २५-२६ लाख टन झालेली तूर त्या वर्षी ४८ लाख टनांच्या घरात गेली. बोनस धरून हमीभाव ५,०५० होता. बाजारात मी स्वतः ३,८०० च्या पट्ट्या लिहिल्या आहेत. एक म्हातारा पट्टी उलटी करून मागची बाजू बघत होता, अजून काही लिहिलंय का म्हणून.

तेव्हा खरेदी केंद्रांवर काय चाललं होतं तेही सांगतो, कारण ‘केंद्रावर घाला आणि मोकळे व्हा’ यातलं ‘मोकळे व्हा’ अण्णांना वाटतं तितकं सोपं नाही. मी स्वतः माझ्या भावाची चौदा क्विंटल घेऊन एका केंद्रावर सहा दिवस ट्रॅक्टरखाली झोपलो. पहिले दोन दिवस बारदाना, म्हणजे माल भरायची रिकामी पोती, नव्हता. तिसऱ्या दिवशी बारदाना आला तर काटा बंद. नंतर गोदामात जागा नाही. २०१७ च्या एप्रिलात केंद्रंच बंद झाली, गावोगाव आंदोलनं झाली, तेव्हा रांगेत नोंद असलेल्यांची तूर राज्य सरकारनं घेतली. आमचं माप झालं, पैसे पावसाळा लागल्यावर आले. हमीभाव हा कागदावरचा भाव आहे. केंद्र चालू असेल, बारदाना असेल आणि तुझा माल बसत असेल, तेवढ्यापुरताच तो तुझा.

आता तितकं वाईट नाही, हेही खरं. जानेवारी २०२४ पासून तुरीची नोंदणी ई-समृद्धी पोर्टलवर होते, पैसे थेट खात्यात येतात. २०२५ च्या अर्थसंकल्पात केंद्रानं सांगितलंय की चार वर्षं तूर, उडीद आणि मसूर, शेतकरी जेवढी घेऊन येतील तेवढी नाफेड आणि एनसीसीएफ, या सरकारसाठी खरेदी करणाऱ्या दोन सहकारी संस्था, घेतील. ऑक्टोबर २०२५ ला कडधान्य आत्मनिर्भरता अभियानही मंजूर झालं, ११,४४० कोटींचं. घोषणा आणि काटा यांच्यात अंतर असतं हे मी सहा दिवस ट्रॅक्टरखाली शिकलोय. पण २०१७ पेक्षा यंदा केंद्राचा भरवसा जास्त धरावा असं मला वाटतं.

आता तुझं ‘सगळीकडं तूर बुडाली’. तुझ्या खालच्या रानात बुडाली, हे मला मान्य आहे. सप्टेंबर २०२५ च्या पाण्यानं लातूर, धाराशिव, सोलापूर, बीडला काय केलं ते सगळ्यांनी पाहिलं. पण तुरीचा भाव औशात ठरत नाही, लातुरातही एकट्या लातुराचा ठरत नाही. लातूरचा डाळमिलवाला सकाळी उठून आधी कर्नाटकातल्या कलबुर्गीचा भाव विचारतो, मग अकोल्याचा, मग मुंबईला लेमन तूर कितीनं पडली ते. लेमन म्हणजे म्यानमारची. आफ्रिकेतून येते ती गजरी, अरुषा, अशा नावांनी ओळखतात. गिरणीत गेली की डाळ सगळ्यांची पिवळीच.

देशात तूर पिकते साधारण ३५ लाख टन, लागते त्याहून आठ-दहा लाख टन जास्त. हा खड्डा बाहेरच्या तुरीनं भरतो. २०२१ च्या मे महिन्यात तुरीची आयात मोकळी केली, ती मुदत दर वेळी वाढवत आणली, जानेवारी २०२५ ला ती ३१ मार्च २०२६ पर्यंत नेली. तोवर एकदाही ती वाढवल्याशिवाय राहिली नव्हती, हे ध्यानात ठेव. शिवाय सरकारांचे आपसातले करार झाले, २०२१-२२ ते २०२५-२६ या पाच वर्षांचे: मोझांबिककडून वर्षाला दोन लाख टन, म्यानमारकडून एक लाख, मलावीकडून पन्नास हजार. तुझं रान पाण्यात होतं तेव्हा तिकडचं कोरडं असू शकतं. (जाता जाता: २०१७ ला आपल्या सरकारनं तूर आयातीवर दोन लाख टनांची मर्यादा घातली, तेव्हा मोझांबिकच्या शेतकऱ्याची तूर मातीमोल झाली. तो बिचारा आपल्यासाठीच पिकवत होता. त्याच्याही घरात कुणी अण्णा असतील.)

यात महिन्यांचा हिशोब फार कामाचा आहे. आपली तूर डिसेंबरपासून मार्चपर्यंत येते. म्यानमारची जानेवारी-फेब्रुवारीपासून सुरू होते. म्हणजे आत्ता सगळ्यांचीच आवक. एप्रिलनंतर आपली आवक आटते, मे-जून-जुलै या दिवसांत माल कमी असतो, तेजी आलीच तर बहुतेक तेव्हा येते. जुलैत पेरणीचे आकडे येऊ लागतात. पेरा वाढला असं दिसलं की व्यापारी हात आखडतो. आणि ऑगस्ट-सप्टेंबरपासून आफ्रिकेची तूर बंदरात उतरायला लागते. तेव्हा ठेवायची तर जूनपर्यंत, फार तर जुलैच्या पहिल्या पंधरवड्यापर्यंत. ‘दिवाळीला काढू’ म्हणणाऱ्याची तूर आफ्रिकेच्या तुरीबरोबर एकाच रांगेत उभी राहते.

आणि तेजी आली तर तिला वर किती जाऊ देतील, हाही प्रश्न आहेच. डाळ महागली की सरकारला शहरातलं स्वयंपाकघर दिसतं. २ जून २०२३ ला तुरीवर साठा मर्यादा आली. पुढच्या वर्षी २१ जूनला परत आली. दोन्ही वेळा घाऊक व्यापाऱ्याला २०० टनांच्या वर ठेवायची नाही, किरकोळवाल्याला ५ टन. शेतकऱ्याला ही मर्यादा लागू नसते, तू चाळीस वर्षांची तूर घरात ठेवलीस तरी कुणी विचारणार नाही. पण तुझ्याकडून घेणाऱ्याला ती लागू असते. त्याचं गोदाम दोनशे टनांवर अडलं की तो तुझ्या पोत्याकडं बघतसुद्धा नाही. नाफेड आपला साठा बाजारात सोडते ते वेगळंच. पिवळ्या वाटाण्याचंही तसंच झालं. डिसेंबर २०२३ पासून तो बिनशुल्क आला, हरभऱ्याच्या जागी बेसनात गेला आणि सगळ्याच कडधान्यांच्या भावाला खाली ओढत राहिला. १ नोव्हेंबर २०२५ पासून त्यावर ३० टक्के शुल्क लावलंय, हे आपल्या बाजूचं. पण जे आधीच येऊन गोदामात पडलं आहे, त्याला शुल्क लागत नाही.

आता पाटी-पेन्सिल घे. आज केंद्रावर क्विंटलला ८,००० मिळाले असं धर. तीच तूर सहा महिने ठेवली तर काय पडतं? पैशाला महिना शेकडा एक जरी व्याज धरलं तरी सहा महिन्यांचे ४८० रुपये. पोतं, हमाली, औषध मिळून पन्नास धर. तिसरी वजावट कुणी धरत नाही, ती वजनाची. बारा टक्के ओलाव्याची तूर उन्हाळ्यात वाळून दहा टक्क्यांवर आली की शंभर किलोचे अठ्ठ्याण्णव किलोसुद्धा भरत नाहीत, सव्वादोन किलो हवेत जाते. हे सगळं धरून जुलैत तुला ८,७०० ते ८,८०० मिळाले, तर ते आजच्या आठ हजारांएवढे झाले. त्याच्यावर मिळाले तेवढीच तुझी कमाई. तू विचारतोस, ‘तूर वाढेल का?’ वाढेलही. मी म्हणतो पावणेनऊच्या वर जाईल का ते विचार. आणि तुझ्यासारख्या शेकडा दोननं उधारी असलेल्या माणसाला एक टक्क्याचं व्याज धरून मी सवलतच दिली आहे.

त्या उधारीकडंच येतो. ४५ हजारांचं शेकडा दोननं महिना ९०० रुपये, सहा महिन्यांचे ५,४००. म्हणजे तूर घरात पडून आहे आणि ती राखायला दुकानदाराला तू महिना नऊशे पगार देतोयस. सोसायटीचं गणित तर अजून सरळ आहे. तीन लाखांपर्यंतचं पीककर्ज मुदतीत भरलं की केंद्राची आणि राज्याची सवलत धरून शेतकऱ्याला व्याज शून्य पडतं. मुदत एक दिवसानं चुकली की सवलत गेली, पूर्ण दरानं व्याज, आणि पुढच्या खरिपाचं कर्ज अडकतं ते निराळंच. बिनव्याजी पैसा मुदतीत न भरता तेजीची वाट बघायची, असं करणारे मी पाहिले आहेत. भाव वाढला तरी ते फायद्यात नव्हते.

म्हणून पंचवीस क्विंटल. आठ हजारांनी दोन लाख होतात. त्यातून १ लाख ६० हजार सोसायटीला, चाळीस हजार हातात. केंद्रावर जिल्ह्याची हेक्टरी उत्पादकता धरून मर्यादा असते. तुझ्या सात एकरांना किती बसते ते नोंदणीच्या वेळीच विचार. पंचवीसपेक्षा जास्त घेत असतील आणि अण्णांचा आग्रह असेल तर दोन-चार क्विंटल वाढव, भांडू नकोस. पैसे यायला वेळ लागू शकतो, तेव्हा सोसायटीच्या तारखेच्या आधी पुरेसे दिवस हातात राहतील अशी घाई नोंदणीची कर, विक्रीची नको. अडत्याच्या ७,२०० वर क्विंटलमागं आठशेचा फरक आहे, पंचवीसवर वीस हजार होतात. तो आजच रोख देतो म्हणून वीस हजार सोडायचं काही कारण मला दिसत नाही.

राहिली अकरा क्विंटल. ही शेतमाल तारण योजनेत ठेव. राज्याचं पणन मंडळ बाजार समित्यांमार्फत ही योजना १९९०-९१ पासून चालवतंय, आणि माझ्या बावीस वर्षांत आमच्या बाजारात तिच्याकडं गेलेले शेतकरी मी दोन्ही हातांच्या बोटांवर मोजेन. माल समितीच्या गोदामात ठेवायचा, त्याच्या किमतीच्या ७५ टक्के रक्कम सहा महिन्यांसाठी ६ टक्क्यांनी उचलायची. सहा टक्के वर्षाला, शेकडा अर्धा महिन्याला. अकरा क्विंटल गुणिले ७,२०० म्हणजे ७९,२००, त्याचे ७५ टक्के ५९,४००. त्यातून दुकानदाराचे ४५ हजार त्याच दिवशी देऊन ये आणि वहीवर काट मारून घे, तुझ्या डोळ्यांसमोर. सहा महिन्यांत दुकानाला ५,४०० व्याज गेलं असतं, इथं त्याच पंचेचाळीस हजारांना १,३५० लागतील. आणि तूर तुझीच राहते. भाव आला तर कर्ज फेडून सोडव आणि विक. तुझ्या समितीत योजना चालू आहे का, गोदामात जागा आहे का, हे फोन न करता जाऊन विचार. फोनवर ‘बघू’ म्हणतात.

या अकरा क्विंटलवर तू हवी तेवढी तेजी बघ. फक्त तारीख आजच कॅलेंडरवर लिहून ठेव: १५ जुलै. त्या दिवशी भाव काय असेल त्या भावानं विकायची. त्याआधी साडेआठच्या वर कधीही दिसली तर निम्मी काढायची, राहिलेल्या निम्म्यासाठी मग निवांत बस. ‘अजून थोडी वाढू दे’ म्हणणाऱ्यांच्या पट्ट्या मी सप्टेंबरात लिहिल्या आहेत.

व्हिडिओवाल्यांबद्दल दोन शब्द. तुरीचे वायदे जानेवारी २००७ पासून बंद आहेत. म्हणजे जुलैची तूर आज अमुक भावानं, असा सौदा देशात कुठल्याही वायदे बाजारात होत नाही. तेव्हा जुलैचा भाव सांगणारा माणूस तो स्वतःच्या डोक्यातून सांगतोय. त्याला पाहणारे मिळाले की त्याचं काम झालं. आवक, आयातीची मुदत, साठा मर्यादा, पेरणीचा आकडा, एवढं जो सांगेल त्याचं ऐक. ‘तूर पेटणार’ म्हणणाऱ्याचं बंद कर. माझा पुतण्याही ऐकतो आणि मला येऊन सांगतो, बावीस वर्षं मुनीमकी केलेल्या माणसाला.

आता मालाकडं. केंद्रावर बारा टक्क्यांच्या वर ओलावा चालत नाही. यंत्राआधी दातानं बघ: दाणा दाताखाली कट्ट करून तुटला पाहिजे, दबला तर अजून दोन उन्हं दे. चाळणी मारूनच ने. तिथं नाकारलेला माल परत आणायचं भाडं आणि हमाली दोन्ही आपल्याच खिशातून जातात. खालच्या रानातली जी थोडी वाचली असेल ती वेगळी ठेव. पाणी लागलेल्या झाडाचा दाणा बारीक, सुरकुतलेला असतो. तो चांगल्यात मिसळला की सगळ्या ढिगाचा भाव पडतो. पोत्यात पोकळ सळई टोचून नमुना काढणाऱ्याच्या हातात नेमका तोच दाणा येतो, कसा ते मला आजवर कळलेलं नाही.

घरात ठेवायच्या दोन क्विंटलची तूर मूठभर हातावर घेऊन उजेडाला धर. दाण्याच्या सालीवर टाचणीच्या डोक्याएवढा पांढरा ठिपका चिकटलेला दिसला, तर ते भुंगेऱ्याचं अंडं. बरेचदा ते रानातूनच येतं, घरात लागलं असं आपल्याला वाटतं. अळी आतल्या आत दाणा खाते, तिचा भुंगेरा होऊन बाहेर पडतो तेव्हा गोल भोक सोडून जातो, आणि तोवर पोतं अर्धं हलकं झालेलं असतं. खायची तूर लवकर भरडून डाळ करून ठेव. हा भुंगेरा अख्ख्या दाण्यावर अंडी घालतो, डाळीला सहसा जात नाही. बियाची तूर कडक वाळवून हवाबंद डब्यात. आणि एक गोष्ट हात जोडून सांगतो: दुकानातून त्या धुरीच्या गोळ्या आणून माणसं झोपतात त्या घरात पोत्यांत टाकू नकोस. त्यातून निघणारा वायू माणूस मारतो, असे प्रकार झाले आहेत. अडतीस क्विंटल घरात ठेवायला माझा विरोध आहे त्याचं निम्मं कारण हेच.

अण्णांबद्दल तू लिहिलंस, ‘त्यांना बाजार कळत नाही.’ त्यांनी २०१७ पाहिलंय, तू तेव्हा कॉलेजात असशील. ‘मोकळे व्हा’ हा शब्द त्या उन्हाळ्यातून आलेला असणार. त्यांना विचार, त्या वर्षी आपली तूर कितीला गेली. मी पैजेवर सांगतो, त्यांना आकडा रुपयापर्यंत पाठ असेल. आणि त्यांनी सांगितल्यावर लगेच ‘पण २०२४ ला’ असं म्हणू नकोस.

शेवटचं, पण खरं म्हणजे सगळ्यात आधी बघायचं. तुझी तूर सोयाबीनमध्ये होती. ई-पीक पाहणीत, म्हणजे मोबाइलवरून करायच्या पिकाच्या नोंदीत, तू फक्त सोयाबीन लावलंस का मिश्र पीक म्हणून तूरही नोंदवलीस? सातबाऱ्यावर तूर नसेल तर केंद्रावर नोंदणी अडते, आणि मग वरचं निम्मं गणित बदलतं. सातबारा अण्णांच्या नावावर असेल तर आधार आणि पासबुकही त्यांचंच लागेल, म्हणजे त्यांच्याशी बोलावंच लागेल. उद्या सकाळी सातबारा काढ, पीकपेऱ्याचा रकाना वाच. तूर लागलेली नसेल तर तलाठ्याकडं जाऊन काय दुरुस्ती होते ते विचार आणि मला लगेच लिही, अकरा क्विंटलचा आकडा आपण पुन्हा मांडू.